पडावाचं हॉटेल होतं तेव्हा...

केरळला जाऊन आलेल्या कुठल्याही मैत्रिणीला विचारा, ‘काय काय पाहिलंस गं?’ मुन्नारचे चहाचे मळे, पद्मनाभस्वामींचं देऊळ, कोचीची चिनी जाळी असं सांगता सांगता ती हाऊसबोटीवर येतेच. आणि एकदा हाऊसबोटीवर आली, की तिथून हलत नाही! पाण्यावरची एसी खोली, केळीच्या पानातला मासा, दोन्ही काठांवर वाकलेले माड, आणि मग मोबाइलमधले पन्नास फोटो. पण ही बोट आधी काय होती, असं विचारलं तर ते मात्र सांगता येत नाही. गाइडने एकाच वाक्यात उरकलेलं असतं, ‘पहले इसमें चावल जाता था।’

आमच्या भिशी गटाच्या सहलीत मी त्या एका वाक्यावरच अडकले. कारण मी पडले कर्जतची. तांदळाचं नाव निघालं की आमचे कान टवकारतात. कर्जतला 1919 सालापासून भात संशोधन केंद्र आहे. ‘कर्जत-3’, ‘कर्जत-7’ या वाणांचं बियाणं कोकणातल्या कितीतरी घरांत पेरलं जातं. नेरळ-कर्जतच्या भाताच्या गिरण्यांचा भोंगा आणि तुसाचा वास आमच्या पिढीच्या बालपणाचाच भाग आहे. तेव्हा तांदूळ वाहणारी होडी हॉटेल कशी झाली, हे मला समजून घ्यायचंच होतं. घरी आल्यावर वाचलं, विचारलं आणि जे हाती लागलं, ते आपल्यालाही बरंच काही सांगून जाणारं आहे.

खिळा नसलेली होडी

या होडीचं मूळ नाव ‘केट्टुवल्लम’. मल्याळम भाषेत ‘केट्टु’ म्हणजे बांधणं आणि ‘वल्लम’ म्हणजे होडी. थोडक्यात, बांधलेली होडी. नावातच सगळं आलं. आंजिली नावाच्या झाडाच्या लांब फळ्या घ्यायच्या (हे झाड आपल्या फणसाच्याच कुळातलं बरं का!), त्यांच्या कडेला भोकं पाडायची आणि काथ्याच्या दोरीने फळीला फळी शिवत जायची. सांध्यात नारळाच्या सोडणाचा तंतू ठासून भरायचा. वरून काजूच्या टरफलाच्या तेलासारखं काळं, चिकट तेल फासायचं. लोखंडाचा एकही खिळा नाही. आपण गोधडी शिवतो ना, तशी शिवलेली होडी!

आमच्या बोटीवरच्या एका म्हाताऱ्या खलाशाने फळी उचलून मला आतली शिवण दाखवली. बोटाएवढ्या जाड दोरीचे एकसारखे टाके. मी त्याला खुणेनेच विचारलं, पाणी नाही शिरत? तो हसला. लाकूड भिजलं की फुगतं, काथ्याही फुगतो, आणि सांधे आपोआप घट्ट होतात. खिळ्याला गंज चढतो, काथ्याला खाऱ्या पाण्याचं भय नाही. शिवाय शिवलेली होडी थोडी लवते. उथळ पाण्यात वाळूला टेकली तरी एकदम फुटत नाही. एखादी फळी कुजली तर तेवढेच टाके उसवायचे, नवी फळी घालायची, पुन्हा शिवायचं.

ही शिवणकला काही फक्त केरळची नाही. अरबी समुद्राच्या काठावर फार जुन्या काळापासून अशा नावा होत्या. आपल्या अजिंठ्याच्या लेण्यात एका जहाजाचं चित्र आहे. त्या चित्रावरून गोव्यात एक शिवलेलं शिडाचं जहाज बांधलं गेलं. केरळच्याच कारागिरांनी ते शिवलं, आणि मे 2025 मध्ये कारवारला ‘कौंडिण्य’ या नावाने ते भारतीय नौदलात दाखल झालं. चित्र आपलं, हात त्यांचे!

तर अशी ही केट्टुवल्लम साठ ते शंभर फूट लांब असायची. मोठ्या होडीत 30 टनांपर्यंत माल मावायचा. आपल्या हिशेबाने 75 किलोची चारशे पोती. कुट्टनाड हा आलप्पुळाच्या आजूबाजूचा मुलूख म्हणजे केरळचं भाताचं कोठार. तिथली शेती समुद्रसपाटीच्याही खाली आहे. बांध घालून पाणी उपसायचं आणि मग भात लावायचा. 2013 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने या शेतीला जागतिक महत्त्वाचा कृषी वारसा म्हणून मान्यता दिली. जिथं शेतच पाण्याच्या पातळीखाली, तिथं बैलगाडी कुठून चालणार? भात, नारळ, काथ्या, मसाले सगळं होडीतून कोचीच्या बाजाराला जायचं. दोन-तीन माणसं लांब बांबूने ती ढकलत, वारा असेल तेव्हा शीड लावत. बांबूच्या चटईच्या छपराखालीच त्यांचं रांधणं, जेवणं, झोपणं. म्हणजे हाऊसबोट ती तेव्हाही होतीच; फक्त पाहुणे नव्हते.

ट्रक आला नि...

मग रस्ते आले, पूल झाले आणि ट्रक थेट बांधापर्यंत येऊ लागला. होडीला जिथं दिवस लागायचे, तिथं ट्रक काही तासांत पोहोचायचा. 1970 नंतर केट्टुवल्लमचं काम कमी कमी होत गेलं. 1980 च्या दशकात कित्येक होड्या काठाला कुजत पडल्या. काहींचं लाकूड सरपणाच्या भावाने गेलं.

हे ऐकताना मला परकं काहीच वाटलं नाही. आपल्या रायगडाचं तरी वेगळं काय झालं? एके काळी पाताळगंगेत आपट्यापर्यंत, अंबा नदीत नागोठण्यापर्यंत आणि खाडीतून पनवेलपर्यंत भरतीच्या पाण्यावर गलबतं, पडाव यायचे. घाटावरून उतरलेला माल पनवेलला होडीत चढायचा आणि मुंबईला जायचा. आमच्या आजेसासूबाई सांगायच्या, त्यांच्या सासऱ्यांच्या वेळी भाताच्या गाड्या पनवेलच्या बंदरावर जायच्या आणि येताना मीठ नि सुकी मासळी घेऊन यायच्या. 1856 मध्ये रेल्वे खोपोलीपर्यंत आली. 1863 मध्ये बोरघाटातून गाडी धावू लागली, आणि खोपोली हे घाटाच्या पायथ्याचं शेवटचं स्टेशन एकदम बाजूला पडलं. मुख्य रस्ता कर्जतवरून गेला! पुढे 2002 मध्ये द्रुतगती महामार्ग पूर्ण झाला, तेव्हा जुन्या मुंबई-पुणे रस्त्यावरच्या किती चहावाल्या, वडेवाल्या टपऱ्यांचं गिऱ्हाईक वरून निघून गेलं, हे खालापूर तालुक्यातल्या बायकांना वेगळं सांगायला नको.

वाहतूक बदलली की नुसतं वाहन बदलत नाही. त्याच्यावर जगणारी माणसंही हलतात. होडीच्या मालकाबरोबर वल्हं मारणारा, फळ्या कापणारा सुतार, टाके घालणारा कारागीर आणि काथ्या वळणारी बाई, सगळ्यांच्याच चुलीवर त्याचा परिणाम होतो.

पडावात पलंग

1990 च्या दशकाच्या सुरुवातीला केरळमध्ये कुणाच्या तरी मनात आलं, की या बेकार पडलेल्या होडीत पोत्यांऐवजी पाहुणे ठेवले तर? या कल्पनेशी बाबू वर्गीस या पर्यटन व्यावसायिकाचं नाव जोडलं जातं. विचार साधा होता. होडीचं पोट रुंद आहे, तळ सपाट आहे, उथळ पाण्यात चालते. पोती ठेवायच्या जागेत दोन खोल्या सहज बसतात. मग बांबूचे वासे वाकवून छप्पर केलं, त्यावर चटया नि माडाच्या झावळ्या, खाली काथ्याचे गालिचे. मागे स्वयंपाकघर, पुढे बसायला ओटी. खोलीला लागून न्हाणीघर. बघता बघता परदेशी पाहुणे यायला लागले, मग आपले मुंबई-पुण्याचे आणि मग तुम्ही-आम्ही.

काश्मीरच्या हाऊसबोटींची गोष्ट निराळी आहे. त्या मुळात राहण्यासाठीच बांधलेल्या आणि बहुधा एका जागी बांधून ठेवलेल्या असतात. केरळची बोट मात्र मालाची होती, म्हणून ती चालते. असाच प्रकार फ्रान्समध्ये झाला. तिथल्या कालव्यांमधून कोळसा, धान्य वाहणाऱ्या लांबट बोटी रेल्वे-ट्रकपुढे मागे पडल्या आणि 1960 च्या दशकापासून त्यातल्या काहींची तरंगती हॉटेलं झाली. तिथल्या कालव्यांची दारं 1879 च्या कायद्याने 39 मीटर लांबीची ठरवलेली, म्हणून बोटीही त्याच मापाच्या आणि आता हॉटेलंही त्याच मापाची! आपल्याकडे एमटीडीसीने तारकर्लीला कर्ली खाडीत केरळच्या धर्तीवर हाऊसबोटी आणल्या, ते मालवणला गेलेल्या मैत्रिणींना आठवत असेल.

पण सगळ्याच होड्यांच्या नशिबी पलंग नि पडदे येत नाहीत. शेजारच्या गोव्यात मांडवी-जुवारीतून लोहखनिज वाहणाऱ्या बार्जेस होत्या. 2012 मध्ये खाणकाम बंद झालं, आणि त्या नदीतच उभ्या राहिल्या. पुढे कित्येक भंगारात निघाल्या. त्यांच्यावर जगणाऱ्या कुटुंबांना कुणी ‘हॉटेल काढा’ असं सुचवलं असतं तरी त्याला भांडवल कुठून आणणार? होडीचं हॉटेल करायला होडीपेक्षा जास्त पैसा लागतो. म्हणूनच केरळातही ज्यांच्या होड्या होत्या, तेच सगळे हॉटेलवाले झाले असं नाही. बरेच जण होडी विकून मोकळे झाले आणि त्यांची मुलं त्याच बोटींवर पगारी चालक, आचारी म्हणून लागली.

आणखी एक गंमत. जुन्या होड्या किती पुरणार? मागणी वाढली तशा नव्याच बोटी हाऊसबोट म्हणून बांधल्या जाऊ लागल्या. आज आपण ज्या दोन मजली, काचेच्या खिडक्यांच्या बोटीवर राहतो, तिच्यात तांदळाचं एक पोतंही कधी चढलेलं नसतं. तरी एक चांगलं झालं. आंजिलीच्या फळ्या शिवणारे कारागीर, जे उपाशी मरायच्या बेतात होते, त्यांच्या हाताला काम मिळालं आणि कला पुढच्या पिढीपर्यंत पोहोचली. हॉटेल झालं म्हणूनच शिवण टिकली, हे मान्य करायलाच हवं.

टाके बायकांचे

आता आपल्या जिव्हाळ्याचं. होडी पुरुषाने बांधली, पुरुषाने चालवली. पण ती ज्या दोरीने शिवली, ती दोरी कोणाची? बायकांची! नारळाची सोडणं खाडीच्या पाण्यात कित्येक महिने कुजत ठेवायची, मग ती काढून लाकडी दांडक्याने बडवायची, तंतू मोकळे करायचे आणि राटावर सूत वळायचं. एक बाई चाक फिरवते, दुसऱ्या दोघी कमरेला तंतूची मोट बांधून उलट्या पावली मागे मागे चालत जातात. दिवसभर उलटं चालायचं! आलप्पुळात 1859 मध्ये काथ्याचा पहिला कारखाना निघाला. आजही या धंद्यात काम करणाऱ्यांत सुमारे 80 टक्के बायका आहेत असं सांगतात. सिंधुदुर्गात वेंगुर्ल्याच्या बायकांनीही सहकारी संस्था करून काथ्याचं काम उभं केलं आहे.

आमच्या बोटीच्या गालिच्यावर आम्ही अकरा जणी मांडी घालून अंताक्षरी खेळत होतो. तो गालिचा कुणाच्या उलट्या पावलांतून आला असेल, हे तेव्हा एकीच्याही मनात आलं नव्हतं. बोटीवर चालक, इंजिनवाला, आचारी सगळे पुरुषच होते. बाई एकच दिसली, दुपारी काठावरून छोट्या होडीतून येऊन झिंगे विकून गेली. पर्यटनाचा पैसा येतो तेव्हा तो कोणाच्या हातात पडतो, हा प्रश्न मला तिथंच पडला आणि घरी येईपर्यंत सोडून गेला नाही.

वजनाचं गणित

एक धोका मात्र प्रत्येकीने समजून घ्यावा असा आहे. मालाच्या होडीत वजन कुठं असतं? अगदी खाली, पोटात. चारशे पोती तळाला असली की होडी घट्ट बसते, हलली तरी पुन्हा सरळ होते. बरणीत तळाला डाळ असली, की धक्का लागला तरी ती पडत नाही. पण रिकाम्या बरणीवर जड झाकण ठेवलं तर काय होईल? तेच इथं. पोतं काढलं, वर खोल्या चढवल्या, त्यावर आणखी एक मजला चढवला आणि मग सगळे पाहुणे वरच्या मजल्यावर एकाच बाजूला सूर्यास्ताचा फोटो काढायला धावले, तर बोट कलंडायला वेळ लागत नाही.

ही नुसती भीती नाही. 7 मे 2023 ला केरळमधल्या तानूरला संध्याकाळी एक पर्यटक बोट उलटली. ती मुळात मासेमारीची बोट, तिच्यात बदल करून प्रवासी बोट केलेली. तिच्यावर परवानगीपेक्षा जास्त माणसं होती. 22 जणांचे जीव गेले. त्यात कितीतरी लहान मुलं, आणि एकाच कुटुंबातली अकरा माणसं. उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलांना फिरवायला म्हणून निघालेले लोक होते हो! आपल्या मुंबईत वांद्र्याजवळचं ‘आर्क डेक बार’ हे तरंगतं रेस्टॉरंट मे 2018 मध्ये बुडालं. सुदैवाने त्यावरच्या सगळ्यांना वाचवता आलं. 2021 मध्ये 1917 चा जुना कायदा जाऊन नवा अंतर्देशीय जलयान कायदा आला. त्यात बोटीची नोंदणी, तपासणी, जीवरक्षक साधनं हे सगळं आहे. पण कायदा कागदावर असतो आणि बोटीवर आपण असतो.

दुसरी गोष्ट पाण्याची. वेंबनाड सरोवराला 2002 मध्ये रामसर करारात आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा म्हणून स्थान मिळालं. त्याच पाण्यात शेकडो हाऊसबोटींचं डिझेल, प्लास्टिक आणि कित्येकदा संडासाचं पाणीही जातं, अशी तिथल्या लोकांची तक्रार आहे. काठावरच्या बाईचं धुणं, भांडी, मासळी सगळं त्याच पाण्यावर. आम्ही सकाळी ओटीवर बसून चहा पीत होतो, तेव्हा समोरच्या पायरीवर एक जण भांडी घासत होती. आमच्या बोटीचं पाणी आणि तिच्या भांड्यांचं पाणी यांच्यात कुठलीच भिंत नव्हती.

पूर आला तेव्हा

पण या होड्यांची एक गोष्ट मला सगळ्यात जास्त आवडली. ऑगस्ट 2018 मध्ये केरळात महापूर आला. समुद्रसपाटीच्या खालचा कुट्टनाड तर पाण्यातच गेला. जवळजवळ सगळा मुलूख रिकामा करायची वेळ आली. रस्ते बुडाले, तिथं ट्रक काय कामाचा? तेव्हा मच्छीमारांच्या होड्यांबरोबर हाऊसबोटीही कामाला लावल्या गेल्या. ज्या ओटीवर पाहुणे चहा पीत, तिथं म्हाताऱ्या बाया, बाळंतिणी, गाठोडी, कोंबड्या घेऊन लोक बसले. त्या बोटींतून त्यांना सुरक्षित जागी नेलं गेलं.

म्हणजे बघा, हॉटेल झालं तरी ती होडी होडीच राहिली होती. तिचं मूळचं काम ती विसरली नव्हती. वेळ आली तेव्हा पलंग सरकवून माणसं भरली आणि ती निघाली.

आणि आपलं शेत?

इथं मला आपल्या गावाकडे वळल्याशिवाय राहवत नाही. कर्जत आणि खालापूर तालुक्यांत आज कुठल्याही आडरस्त्याला लागा, फार्महाऊस, रिसॉर्ट, ‘रिव्हर टच’ प्लॉट यांचे फलक दिसतात. शनिवार-रविवारी मुंबईच्या गाड्यांची रांग लागते. आपल्याकडे होडीचं नाही, शेताचंच हॉटेल झालंय. भिवपुरीच्या टाटा वीजघरातून बाहेर पडणारं पाणी राजनाल्यातून येतं, म्हणून कर्जतला उन्हाळ्यातही भात पिकतो. खोपोलीच्या 1915 च्या वीजघराचं पाणी पाताळगंगेला बारमाही ठेवतं. शेतकऱ्याला देवाने आणि टाटांनी मिळून दिलेलं हे पाणी! आता त्याच पाण्याच्या काठाला सगळ्यात जास्त भाव आहे. पण तो भाताला नाही, जलतरण तलावाला आहे.

कुणाला दोष द्यायचा म्हणून मी हे लिहीत नाही. भाताची शेती आतबट्ट्याची होते, लावणीला माणसं मिळत नाहीत, मुलाच्या शिक्षणाला, मुलीच्या लग्नाला पैसा लागतो. जमीन विकणाऱ्या घरची अडचण बाहेरून कळत नाही. आमच्या आळीतली एक मैत्रीण तिच्या सासऱ्यांनी विकलेल्या जमिनीवर उभ्या राहिलेल्या रिसॉर्टमध्ये आज चादरी बदलायला जाते. महिन्याचा ठरलेला पगार मिळतो, चिखलात दिवसभर वाकावं लागत नाही, ती खूश आहे. मी एकदा तिला विचारलं, ‘कसं वाटतं गं तिथं?’ म्हणाली, ‘चांगलं वाटतं. फक्त पाऊस पडला की हात शिवशिवतात. आवण काढायची वेळ झाली असं वाटतं, आणि खाली बघावं तर फरशी!’

या ‘खाली फरशी’पाशीच फरक आहे. होडीतून पलंग काढता येतात. शेतातून फरशी काढून पुन्हा भात लावायचा म्हटलं, तर ते आपल्या हयातीत होत नाही. वर्षानुवर्षांच्या चिखलणीने तयार झालेली खाचरं, बांध, पाण्याचा उतार सगळं एकदा सपाट केलं की संपलं. उद्या काही संकट आलं, लॉकडाऊनसारखे पाहुणेच आले नाहीत, तर होडीवाला निदान मासे तरी धरेल. आपण काय करणार?

मग बदलूच नये का? असं मुळीच नाही. केट्टुवल्लम बदलली म्हणूनच वाचली. पण बदलताना तळ तसाच ठेवला, शिवण तीच ठेवली. आपल्यालाही तसं करता येतं. बारामतीजवळ पळशीवाडीला 2005 मध्ये कृषी पर्यटनाचा प्रयोग सुरू झाला. शेत शेतच ठेवायचं, पाहुण्यांनी तिथं येऊन राहायचं, चुलीवरचं जेवायचं, चिखलात उतरून लावणी करायची. 2020 मध्ये महाराष्ट्र सरकारने कृषी पर्यटनाचं धोरणही आणलं. आपल्या भागातही काही घरांनी जमीन न विकता दोन खोल्या बांधून सुरुवात केली आहे. तिथं तांदळाची भाकरी, कुळथाचं पिठलं, पावसाळ्यातल्या रानभाज्या करणारी बाई नुसती कामवाली नसते, ती मालकीण असते. सातबाऱ्यावर तिचं नाव असेल तर उत्तमच! जमीन विकायचा विषय घरात निघाला, की चहा ठेवायला आत न जाता तिथंच बसा, एवढं तर आपण करू शकतो. विकायची की भाड्याने द्यायची, सगळी की थोडी, पाण्याकाठची की माळावरची, हे विचारायला शिक्षण लागत नाही. गावात नवं रिसॉर्ट येणार असेल तर त्याचं सांडपाणी कुठं जाणार, हे ग्रामसभेत आपणच विचारायचं. कारण नदीवर धुणं घेऊन आपल्यालाच जायचं असतं.

वापर बदलतो, काळ बदलतो. पोतं जाऊन पाहुणा आला, त्याचं दुःख नाही. पण होडीला पाण्यावर ठेवणारी ती खालची शिवण उसवू द्यायची नाही. केरळच्या त्या कारागिरांना हे बरोबर कळलं होतं. आपल्या घराची, शेताची शिवण कुठली, हे आपल्याइतकं दुसरं कोण ओळखणार?

हाऊसबोटीवर जाताय? एवढं बघाच!

• बोटीची नोंदणी आणि तपासणीचा दाखला आहे का, ते आरक्षण करतानाच विचारा. नोंदणी क्रमांक बोटीवर लिहिलेला असतो.

• माणशी एक लाइफ जॅकेट आहे का, मोजून घ्या. मुलांच्या मापाची वेगळी लागतात. ती कपाटात नकोत, हाताशी हवीत.

• ठरल्यापेक्षा जास्त माणसं चढत असतील तर आपण उतरावं. पैसे गेले तरी चालतील.

• वरच्या मजल्यावर सगळ्यांनी एका बाजूला गर्दी करू नका, फोटोसाठी तर नाहीच.

• केरळात हाऊसबोटी संध्याकाळी काठाला लागतात. त्या वेळी मच्छीमार जाळी टाकतात. ‘अंधारात फिरवा’ असा आग्रह धरू नका.

• संडासाचं पाणी साठवायची टाकी आहे का, ते विचारा. चार जणींनी विचारलं की मालकाला टाकी बसवावीच लागते.

• काठावरच्या बाईकडून काथ्याची एखादी वस्तू जरूर घ्या आणि फार घासाघीस करू नका. उलट्या पावली चालून वळलेली असते ती!